काळ्या मातीतलं ॲव्होकाडो: पाणी भरपूर, तरी पानं मलूल (इंदूर)

मेघना_इंदूर | १४ ऑगस्ट, रात्री ९:१०

नमस्कार मंडळी. या विभागात बरेच दिवस नुसती वाचते आहे. धागा पहिल्यांदाच काढते, कारण आता माझं मला काही सुचत नाही.

कनाडिया रोडला आमचं घर. मागे साधारण तीस बाय चाळीस फुटांची मोकळी जागा, सगळी काळी माती. सासूबाईंनी लावलेलं सीताफळ, एक पेरू, एक लिंबू आहे. तिघंही जोमात. दोन वर्षांपूर्वी मी ॲव्होकाडोची दोन कलमं आणली. शेतीच्या पुस्तिकांत देतात तसा तीन फूट लांब, तीन फूट रुंद, तीन फूट खोल खड्डा खणला, मे महिनाभर उन्हात तापवला, मग लाल माती, शेणखत, पालापाचोळा आणि निंबोळी पेंड घालून भरला. पहिलं वर्ष फार छान गेलं. झाडं माझ्या छातीपर्यंत आली.

गेल्या ऑगस्टमध्ये एका झाडाने मान टाकली. भर पावसात पानं लोंबायला लागली, जशी मे महिन्यात पाणी विसरलं तर लोंबतात. मी अजून पाणी दिलं. पंधरा दिवसांत झाड गेलं.

आता दुसऱ्याची पाळी दिसते आहे. नवी पानं पिवळी आणि शिरा तेवढ्या हिरव्या, जुन्या पानांची टोकं तपकिरी होऊन करपलेली, आणि कालपासून दुपारी पानं मलूल होतात. सासूबाई ७८ वर्षांच्या आहेत. रोज सकाळी चहाच्या आधी त्या झाडापाशी जाऊन येतात. हे झाड मला जाऊ द्यायचं नाहीये. कोणी मालव्यात ॲव्होकाडो जगवलं आहे का?

देवासकर | १४ ऑगस्ट, रात्री ९:४८

नवी पानं पिवळी, शिरा हिरव्या म्हणजे लोह कमी. एक लिटर पाण्यात ५ ग्रॅम फेरस सल्फेट आणि थोडं सायट्रिक ॲसिड घालून संध्याकाळी फवारा. आठ दिवसांत फरक दिसेल.

पाटणीपुरा_प्रकाश | १४ ऑगस्ट, रात्री १०:०५

ताई, मनापासून सांगतो, हे झाडच आपल्याकडचं नाही. मे महिन्यातली लू, जानेवारीतली ५-६ अंशांची रात्र, त्यात ही माती. पेरू, सीताफळ, आवळा लावा आणि सुखाने खा.

रामबागचे_आबा | १५ ऑगस्ट, सकाळी ७:२०

मेघनाताई, तुम्ही तीन लक्षणं लिहिलीत, पण त्यांचं कारण एक नाही. तीन दुखणी एकाच झाडावर बसली आहेत. देवासकरांनी एकाचं औषध सांगितलं ते बरोबर आहे, पण झाड मारणारं दुखणं ते नव्हे.

आधी मारणारं सांगतो. तुमचा खड्डा म्हणजे हौद झाला आहे. काळी माती ओली झाली की फुगते आणि तिच्यातल्या बारीक फटी मिटतात. पाणी खाली मुरत नाही. अशा जमिनीत तीन फूट खणून आत भुसभुशीत लाल माती भरली की चारी बाजूंचं पाणी त्याच खड्ड्यात उतरतं आणि बाहेर जायला वाट नसते. पेरूचं मूळ दणकट, ते सोसतं. ॲव्होकाडोची अन्न घेणारी मुळं अगदी वरच्या थरात असतात आणि त्यांना केसमुळं जवळजवळ नसतात. मध्य अमेरिकेच्या डोंगरांत, सच्छिद्र मातीवर साचलेल्या पाचोळ्यात वाढलेलं हे झाड. मुळांभोवती पाणी उभं राहिलं की त्यांना हवा मिळत नाही, आणि अशा मुळांवर फायटोफ्थोरा हा मुळं कुजवणारा बुरशीसारखा रोगजंतू चढतो. त्याचे बीजाणू पाण्यात अक्षरशः पोहत मुळापर्यंत जातात. मुळं कुजली की झाडाला पाणी ओढता येत नाही, म्हणून पाण्यात उभं राहून पानं तहानेने लोंबतात. आपण ते पाहून अजून पाणी घालतो. ही चूक जवळजवळ प्रत्येकाच्या हातून होते, तुम्ही मनाला लावून घेऊ नका.

पिवळेपणा लोहाचा, पण मातीत लोह नाही असं नाही. आपल्या मातीचा सामू (पीएच) साडेसात ते साडेआठ, शिवाय चुनखडी. लोह असून झाडाला घेता येत नाही. टोकं करपतात ती बहुधा बोअरच्या खारट पाण्याने.

आज दोन गोष्टी करा. झाडापासून दूर एक फूट खोल खड्डा खणून पाण्याने भरा. ते जिरलं की परत भरा आणि तासाला किती उतरतं ते मोजा. इंचभर तरी उतरायला हवं. आणि वेगवेगळ्या थरांतली वाळलेली माती घेऊन तिच्यावर व्हिनेगरचे थेंब टाका. फसफसली तर चुनखडी आहे.

निमाडचा_शेतकरी | १५ ऑगस्ट, सकाळी ११:३०

आबांचं शंभर टक्के बरोबर. आमच्याकडे खरगोनला पपईचं हेच होतं. दोन दिवस बुडाशी पाणी उभं राहिलं की बाग आडवी. म्हणून आम्ही पपई गादीवाफ्यावरच लावतो, सपाट जमिनीत कधीच नाही.

मेघना_इंदूर | १७ ऑगस्ट, रात्री ८:३०

आबा, दोन्ही चाचण्या केल्या.

रात्री आठ वाजता दुसऱ्यांदा खड्डा भरला. सकाळी आठला पाहिलं तर पाणी चार बोटं उतरलेलं. बारा तासांत चार बोटं!

मातीचं असं झालं: वरच्या वीतभर काळ्या मातीवर थेंब टाकला तर नुसता जिरला. दीड फुटाखालच्या मातीत तांदळाएवढे पांढरे खडे आहेत. त्यावर थेंब पडताच इनो टाकल्यासारखा फेस आला. सासूबाई शेजारीच बसल्या होत्या. म्हणाल्या, "म्हणजे तू झाडाला खाली चुन्यात नेऊन बसवलंस." तेच झालं आहे. वरची चांगली माती मी खड्ड्यातून काढून कुंपणापाशी फेकली होती.

मग न राहवून झाडाच्या खड्ड्याच्या कडेला खुरप्याने हळूहळू उकरलं. वीतभर खाली माती ओली, फूटभर खाली चिखल, आणि दीड फुटावर पाणीच. तिथली माती काळी नाही, लाल नाही, निळसर राखाडी आहे आणि गटारासारखा वास येतो. एक बारीक मूळ हाताला आलं. चिमटीत धरलं तर त्याची साल मोज्यासारखी निघून आली आणि आत नुसता काळा धागा राहिला. वरच्या पाचोळ्याखाली मात्र थोडी पांढरी, टणक मुळं दिसली. म्हणजे अजून जीव आहे ना?

रामबागचे_आबा | १८ ऑगस्ट, सकाळी ६:५५

आहे. वरची पांढरी मुळं आहेत तोवर झाड आहे. त्या पाचोळ्याला हात लावू नका आणि झाड आत्ता उपटून दुसरीकडे नेऊ नका, उरलेली मुळंही तुटतील.

तुमची जागा कुठल्या बाजूला उतरती आहे ते पाहा. खड्ड्याच्या तळापासून त्या बाजूला चर खणा, दीड फूट रुंद, तळाला हलका उतार. त्यात विटांचे तुकडे भरा. पाण्याला वाट मिळेल आणि पाणी निघून गेल्यावर त्याच वाटेने हवा आत जाईल.

ही युक्ती माझी नाही आणि तिचा आपल्या गावाशी संबंध आहे, म्हणून थोडं लांबण लावतो. अल्बर्ट हॉवर्ड १९२४ ते १९३१ इंदुरात होते, आजचं कृषी महाविद्यालय आहे तिथल्या वनस्पती संशोधन संस्थेत. त्याआधी ते बिहारमध्ये पूसाला होते. तिथे त्यांनी फळझाडांची मुळं उकरून काढून पाहिली. बुडाशी गवताची चादर वाढू दिली की झाडं खंगत होती. त्यांचं निदान असं की मातीतली हवा कोंडते. बाजूला चर खणून विटांचे तुकडे भरले तेव्हा त्यांना फरक दिसला. इंदुरात आल्यावर त्यांनी खताची जी पद्धत बसवली तिला आज जगभर इंदूर पद्धत म्हणतात. काडीकचरा, शेण, गोठ्यातली मूत मुरलेली माती आणि राख यांचे थर देऊन, ओलावा सांभाळून, वरखाली करत तीन महिन्यांत खत. त्यातही खड्डा उथळ ठेवायचा, कारण खोल गेलं की हवा पोचत नाही. हॉवर्डबरोबर यशवंत वाड काम करत. १९३१ साली ही पद्धत पुस्तकरूपाने आली ती दोघांच्या नावाने. हॉवर्डचं नाव सगळे घेतात, वाडांचं आपल्याच लोकांना माहीत नसतं, याचं मला फार वाईट वाटतं.

सांगायचा मुद्दा, मुळाला पाण्याइतकीच हवा लागते. काळ्या मातीत पाणी आपोआप मिळतं, हवेची सोय आपल्याला करावी लागते.

पाटणीपुरा_प्रकाश | १८ ऑगस्ट, दुपारी १:१५

वाडांबद्दल खरंच माहीत नव्हतं. आजोबा त्या कॉलेजच्या मागच्या रस्त्याने रोज सायकलवर जायचे. धन्यवाद आबा.

स्वाती_स्कीम५४ | १८ ऑगस्ट, संध्याकाळी ६:४०

इथेच विचारते. माझं ॲव्होकाडो बी रुजवून केलेलं आहे, गच्चीवर मोठ्या ड्रममध्ये. सहा वर्षं झाली, फूल नाही. वाट पाहू की काढू?

विद्या_बडोदे | १८ ऑगस्ट, रात्री ९:२०

स्वाती, बियाच्या झाडाला सात-आठ वर्षं सहज लागतात, कधी त्याहून जास्त, आणि फळ आईसारखंच येईल याची खात्री नाही. तुझं झाड निरोगी असेल तर खुंट, म्हणजे कलमाच्या खालचं झाड, म्हणून वापर. चांगल्या जातीची डोळकाडी, म्हणजे डोळे असलेली काडी, आणून त्यावर कलम बांध.

कलमाचा विषय निघाला म्हणून आमच्या घरची गोष्ट सांगते. दांडिया बाजारच्या वाड्यात वडिलांनी चिकूचं कलम लावलं होतं. झाड मोठं झालं, पण चिकू काही लागेना. उन्हाळ्यात बोराएवढी पिवळी, गोड फळं यायची. आम्ही मुलं आनंदाने खायचो. ती रायण होती, तुमच्याकडची खिरणी. चिकूचं कलम खिरणीच्या खुंटावर बांधतात. वरचं कलम कधीतरी मेलं, जोडाखालून फुटवा आला आणि आम्ही त्यालाच चिकू समजून वीस वर्षं पाणी घातलं. दोघांनाही चीक येतो, म्हणून कोणाला शंका आली नाही. पानं पाहिली असती तर कळलं असतं. चिकूचं पान टोकाला निमुळतं असतं, खिरणीच्या पानाचं टोक आत खाच पडल्यासारखं.

तेव्हा कुठलंही कलम लावा, जोड मातीच्या वर राहील असं लावा आणि जोडाखालचा फुटवा दिसला की त्याच दिवशी काढा. मेघना, चराची माती झाडाच्या बुडाशी ओढताना याची काळजी घे.

मेघना_इंदूर | २४ ऑगस्ट, रात्री ९:००

चर झाला. शनिवारी आणि रविवारी मिळून आम्ही तिघांनी खणला. खड्ड्याच्या तळाशी पोचलो तेव्हा आधी थेंब थेंब आणि मग बोटभर धार लागली. ती धार बराच वेळ चालू होती. किती दिवसांचं पाणी त्या बिचाऱ्या झाडाच्या पायाशी साठलं होतं कोण जाणे. पलीकडे घर पाडलं आहे, तिथून विटांचे तुकडे मिळाले. लोहासाठी देवासकरांनी सांगितलेली फवारणीही केली.

आता दुसरं. सासूबाई म्हणतात माझ्या सीताफळाचंही विचार. झाडावर फुलं मायंदाळ, फळं जेमतेम आठ-दहा, तीही एका बाजूने फुगलेली, दुसऱ्या बाजूने चपटी. रोग आहे का?

सुदामानगर_सुलभा | २५ ऑगस्ट, सकाळी ८:१०

रोग नाही, परागीभवन अर्धवट होतंय. सीताफळाच्या एका फुलात मादीचा भाग आधी तयार होतो, परागकण नंतर पडतात, म्हणून ते फूल स्वतःला क्वचितच फळवतं. बारीक भुंगेरे इकडून तिकडे नेतात, ते नसतील तर फूल गळतं. ज्या बाजूला पराग पोचला ती बाजू फुगते. एकेक डोळा म्हणजे एकेक बी, एकेक वेगळं फळच म्हणा ना. एप्रिल-मेची फुलं तर कोरड्या हवेने वाळूनच जातात.

मी पाच वर्षं हाताने करते. सकाळी सहा-साडेसहाला पूर्ण उघडलेली फुलं तोडायची, काळ्या कागदावर हलकेच झटकायची. पिवळट पूड पडते, काळ्यावर नीट दिसते. मग ज्या फुलाच्या पाकळ्या नुकत्या विलग व्हायला लागल्यात, म्हणजे आत जेमतेम ब्रशचं टोक शिरेल, अशी फुलं शोधायची. पाकळी बोटाने धरून, मऊ ब्रशला पूड लावून, मधल्या ओलसर उंचवट्यावर सगळीकडून गोल फिरवायचा. सगळीकडून हे महत्त्वाचं, नाहीतर परत वाकडं फळ. फुलाला दोरा बांधून ठेवा म्हणजे कुठलं केलंय ते कळतं. ऑगस्ट अखेर म्हणजे उशीर झालाय, तरी हात बसेल.

मेघना_इंदूर | १९ डिसेंबर, रात्री ८:४५

बऱ्याच दिवसांनी आले. सीताफळाचं आधी लिहिते, कारण हे काम पूर्णपणे सासूबाईंचं आहे.

त्यांना सकाळी साडेपाचला जाग येतेच. मी फांदी वाकवून धरायची, त्यांनी नातीच्या चित्रकलेचा ब्रश घेऊन करायचं. त्यांचा हात एरवी थरथरतो, फुलापाशी गेला की थांबायचा. पाच सकाळी मिळून बावीस फुलं केली, लाल दोरा बांधून. चौदा धरली. बारा फळं मोठी झाली, सगळी गोल, चहूकडून सारखी. डोळ्यांमधल्या भेगा पिवळसर झाल्या तशी एकेक उतरवली, नऊ खाल्ली. शेवटची तीन मात्र डिसेंबरच्या थंडीत अडकली, पिकलीच नाहीत, काळी पडून दगडासारखी झाली. सुलभाताई, पुढच्या वर्षी जुलैच्या पहिल्या आठवड्यातच सुरू करणार.

ॲव्होकाडो जिवंत आहे. पानं मलूल होणं सप्टेंबरमध्येच थांबलं. थंडीसाठी काय करू?

देवासकर | २० डिसेंबर, सकाळी ९:३०

चार बांबू रोवून वर आणि उत्तरेकडून गोणपाट. प्लास्टिक पानाला टेकू देऊ नका, टेकलेली पानं जळतात. फार गार रात्र असेल तर संध्याकाळी जमीन थोडी ओली करा, ओली जमीन रात्री ऊब सोडते. मार्चनंतर लू सुरू व्हायच्या आत खोडाला चुन्याचा हात द्या, कोवळी साल उन्हाने तडकते. दुपारचं ऊन हिरव्या जाळीने अडवा.

रामबागचे_आबा | २० डिसेंबर, सकाळी १०:१५

चुना खोडाला, बुडाशी सांडू नका. तुमच्याकडे आधीच भरपूर आहे.

आणि पावसाचं पाणी साठवता आलं तर पुढच्या वर्षी गच्चीचं पाणी टाकीत घ्या. उन्हाळ्यात बोअरच्या ऐवजी जितकं ते देता येईल तितकं द्या, टोकं करपणं कमी होईल.

मेघना_इंदूर | २ एप्रिल, दुपारी ४:२०

नवी पालवी आली! तांबूस, चकाकणारी, हाताला मेणासारखी लागते. काही पानं अजून फिकट आहेत, पण पिवळी नाहीत.

गेलेल्या झाडाच्या जागी दुसरं लावायचं ठरवलं आहे. यावेळी खड्डा नाही. कुंपणापाशी फेकलेली वरची काळी माती परत गोळा केली, त्यात चाळलेला मुरूम (व्हिनेगरने तपासून घेतला, फसफसला नाही) आणि घरचं खत मिसळून दोन फूट उंच, सहा फूट रुंद उंचवटा केला. जून संपताना कलम लावेन. कुठली जात आणू?

रामबागचे_आबा | २ एप्रिल, रात्री ८:००

आधी तुमचं झाड कुठल्या गटातलं ते शोधा. ॲव्होकाडोचं फूल दोनदा उघडतं. अ गटाचं फूल सकाळी मादी म्हणून उघडतं, मिटतं आणि दुसऱ्या दिवशी दुपारी नर म्हणून उघडतं. ब गटाचं उलट, दुपारी मादी आणि दुसऱ्या दिवशी सकाळी नर. हास अ गटातली, फ्युएर्ते ब गटातली. दोन्ही गट शेजारी असले तर सकाळी एकाचा पराग दुसऱ्याला मिळतो, दुपारी उलट. एकट्या झाडालाही फळं धरतात, पण जोडीने जास्त. पावतीवर जातीचं नाव असेल तर पाहा.

मेघना_इंदूर | २ एप्रिल, रात्री ८:५०

पावतीवर हास लिहिलं आहे. मग फ्युएर्ते शोधते. आणि यावेळी जोड वर ठेवून लावेन, विद्याताई.

पाटणीपुरा_प्रकाश | ३ एप्रिल, सकाळी ७:४०

मेघनाताई, मी मागे हे झाड आपल्याकडचं नाही म्हटलं होतं. परवा मांडूला गेलो होतो. तिथली ती जाड खोडाची गोरखचिंच, जिला सगळे मांडूची इमली म्हणतात, ती आफ्रिकेची. रस्त्यावर बायका टोपल्यांत घेऊन बसतात. आणि तुमचं सीताफळ, पेरू, निमाडच्या शेतकऱ्यांची पपई, सगळे अमेरिकेचे. मी शब्द मागे घेतो. उंचवटा कसा केलात त्याचा फोटो टाकाल का? मलाही एक जागा आहे.

मेघना_इंदूर | २१ जून, रात्री ११:३५

फोटो उद्या टाकते, आत्ता राहवलं नाही म्हणून लिहिते. आज पहिला मोठा पाऊस झाला, जवळजवळ तीन तास. थांबल्यावर टॉर्च घेऊन मागे गेले. सासूबाई दारातून विचारत होत्या, "दिसतंय का? दिसतंय का?" झाडाच्या बुडाशी पाणी नाही. चराच्या दुसऱ्या टोकाला, विटांमधून, स्वच्छ पाणी खळखळत बाहेर पडत होतं. खुरपं घालून पाहिलं, दीड फुटावर माती ओली आहे, चिखल नाही, आणि वास नुसता मातीचा.

पण ते पाणी आता कुंपणापाशी साचतंय. तिथे काय करू?

रामबागचे_आबा | २२ जून, सकाळी ६:३०

तिथे अळू लावा.